मिलूचा चेहरा

आई मटार सोलत होती आणि तिच्या डोक्यावर स्मृतिदर्शकाची मऊ टोपी होती. हात कामात गुंतले की आठवणी मोकळेपणाने येतात, हे तृप्तीला एव्हाना कळलं होतं. आईच्या मनातलं चित्र समोरच्या पडद्यावर उमटत होतं. सांगलीच्या जुन्या घराचा उंबरा, आणि बापाच्या चपला पायात अडकवून निघालेला तीन वर्षांचा मिलू.

मिलू तृप्तीचा भाऊ. ती जन्मायच्या आधीच तापाने गेला. पुढे पुराचं पाणी घरात शिरलं आणि सगळ्या फोटोंचा लगदा झाला. आता मिलू उरला होता तो फक्त आईच्या डोक्यात, आणि आई थकत चालली होती. म्हणून तर तृप्तीने हा माहितीपट हातात घेतला. जन्मभर लोकांच्या घरच्या गोष्टी दाखवल्या, निदान ही एक आपली.

पण पडद्यावर चेहराच नव्हता. चपला स्पष्ट, मानेवरचं घामोळं स्पष्ट, तोंड वळलं की नुसता धूर.

तृप्तीची एक खोड होती, आणि तिचं तिला भारी कौतुक. ज्याची गोष्ट त्याला दाखवल्याशिवाय काम पुढे न्यायचं नाही. त्यात बाई मुळात चित्रकार, हात कसला गप्प बसतोय! धुराच्या जागी तिने जवळून दिसेल असा मोठा चेहरा रंगवला.

"आई, असा होता का गं?"

"छे. नाक बसकं होतं."

नाक बसकं केलं. पुन्हा टोपी, पुन्हा मटार. दर खेपेला चेहरा उजळत गेला. शेवटी मिलू पडद्यावरून वळून हसला तेव्हा दोघी मायलेकी रडल्या.

यंत्र देणाऱ्या जोगळेकरबाईंनी मात्र ते बघताच विचारलं, "मधे मधे आईंना चित्रं दाखवलीत?"

"दाखवणारच. माझी पद्धतच आहे ती."

"अहो, आठवण काढली की ती ओल्या गिलाव्यासारखी होते. पुन्हा सुकेपर्यंत जे टेकवाल त्याचा ठसा बसतो. आधी विचारायचंत तरी."

तृप्तीने घरी येऊन तो चेहरा नीट पाहिला. डोळे ती नेहमी काढते तसे. भुवयांचं वळण तिच्याच हातचं. चपला तर चित्रात राहिल्याच नव्हत्या. मिलू नव्हताच तो. भाऊ पुन्हा एकदा गेला होता, आणि या खेपेला तिच्या हातून.

पहिल्या दिवशीचं चित्रण तेवढं जपलेलं होतं. धुरकट, पण खरं. तिने ते आईसमोर लावलं. आई चष्मा पुसून कितीतरी वेळ बघत राहिली. मग तिला हसू आलं.

"बापाच्या चपला घालून कुठे निघालंय बघ ध्यान," ती म्हणाली. "कुणाचं गं हे?"