तांबड्या कोंबडीचं सुतक

"साफ चूक!"

आवाज वरून आला. मिर्तेने मान वर केली. पवनचक्कीच्या सज्जावर एक उंच तरुण कठड्याला रेलून उभा होता. केसांत जवसाची भुकटी, हातात दोर, आणि चेहऱ्यावर असा राग, जणू तिने त्याच्या आईला नावं ठेवली होती.

मिर्तेचा तो कामावरचा तिसराच दिवस. रोज सकाळी आम्स्टरडॅमहून पाहुण्यांची बस घेऊन निघायचं, झान नदीकाठच्या चक्क्या दाखवायच्या, मग चीजचं गाव, मग कोळ्यांचं गाव, आणि संध्याकाळी परत. त्या दिवशी ती पाहुण्यांना चक्क्यांची भाषा समजावत होती. थांबलेल्या पात्यांवरून घरात काय चाललंय ते कसं कळतं, हे तिने आदल्या रात्रीच वाचलं होतं... आणि नेमकं उलटं सांगून बसली होती.

"काय चुकलं?" तिने खालून विचारलं.

"सगळंच! चढणारं पातं सगळ्यात वरच्या टोकाच्या हातभर अलीकडे थांबवलं, तर घरात आनंद. लग्न, बाळ, काहीही. टोक ओलांडून हातभर पुढे गेलं, तर कुणीतरी गेलं. येणारं ते सुख, जाणारं ते दुःख. एवढं सोपं आहे! तुमचं ऐकून लोक बारशाला रडत येतील!"

पाहुणे हसले. मिर्तेचे कान लाल झाले.

"मग खाली येऊन सांगा ना! की उंचावरूनच शिकवायची सवय आहे?"

तो धडाधडा जिना उतरून आला. पण समोर उभा राहिल्यावर कानामागची भुकटी झटकत म्हणाला, "मी... यूरियान."

"आणि मी चुकीचं सांगणारी मिर्ते."

एवढंच झालं. पण दुसऱ्या दिवशी बस आली, तेव्हा यूरियान दारात उभा होता, आणि त्याचे केस विंचरलेले होते.

त्या चक्कीचं नाव 'तांबडी कोंबडी'. आत जवसाची तेलघाणी. मोठाल्या दगडी चाकांखाली जवस भरडला जायचा, शेगडीवर गरम व्हायचा, आणि सगळीकडे भाजक्या दाण्यांचा दाट वास पसरायचा. चक्कीचे मालक हाइनआजोबा, वय वर्षं एक्याऐंशी. यूरियान त्यांचा शिष्य. चक्कीशेजारच्या हिरव्या लाकडी घरात दोघं राहायचे, आणि कोणाचं कॉफी करणं जास्त वाईट यावर रोज भांडायचे.

बस तिथे चाळीस मिनिटं थांबायची. मिर्ते आणि यूरियानचं प्रेम त्या चाळीस मिनिटांतच वाढलं. पाहुणे घाणी बघत असायचे तेव्हा हे दोघं सज्जावर उभे. वारा इतका, की बोलायचं तर कानाजवळ तोंड न्यावं लागे. हे वाऱ्याचं एक बरं असतं.

"आज वारा नैऋत्येचा," तो म्हणायचा.

"एवढं सांगायला इतक्या जवळ यावं लागतं?"

"मग... दूर होऊ?"

"मी तसं म्हटलं का?"

अशी दोन वर्षं गेली. मागच्या शनिवारी मात्र त्याने विचारलंच. डोळे नदीकडे, कारण तिच्याकडे बघून विचारायचा धीर नव्हता.

"मिर्ते... इथेच राहशील? माझ्याबरोबर?"

मिर्तेचे वडील मालवाहू बोटीचे तांडेल. ती जन्मली बोटीवर, वाढली बोटीवर. एका धक्क्यावर दोन आठवडे मुक्काम झाला, की तिच्या आईला झोप येत नसे. आणि हा माणूस विचारत होता, तीनशे वर्षं एका जागी उभ्या असलेल्या चक्कीजवळ राहशील का!

"शनिवारी सांगते," ती म्हणाली.

आज शनिवार होता.

*

सकाळ लखलखीत होती. रात्री सोसाट्याचा वारा होता, आता बेताचा झाला होता. चालक कोबुसकाका शीळ घालत बस हाकत होते. मिर्ते माईक घेऊन बावीस पाहुण्यांना नेहमीचं सांगत होती. अलीकडे थांबलं तर आनंद, ओलांडलं तर शोक. आता ती ते झोपेतही बरोबर सांगू शकली असती.

पण मनात दुसरंच वाक्य घोळत होतं. रात्रभर तिने ते घोटलं होतं. 'यूरियान, तू फार चांगला आहेस, पण मला एका जागी राहता येणार नाही.' सोळा वेळा म्हणून पाहिलं, आणि सोळाही वेळा 'पण'पाशी ती अडली.

बस बांधाच्या वळणावर आली. नदीपलीकडे तांबडी कोंबडी दिसू लागली.

पाती थांबलेली होती.

शनिवारी सकाळी, वारा असताना? मिर्तेने डोळे बारीक केले. पुढच्या आसनावर स्पेनहून आलेल्या एक वृद्ध बाई बसल्या होत्या. त्यांनी बोट दाखवून उत्साहाने विचारलं, "ते पातं टोकाच्या पुढे गेलंय ना हो? म्हणजे... तिथे कुणी वारलंय का?"

मिर्तेच्या हातातला माईक खाली पडला. सगळ्या बसभर धाडकन आवाज घुमला.

"कोबुसकाका... आपण चक्कीकडे मागून बघतोय का?" तिने विचारलं. मागून बघितलं तर सगळं उलटं दिसतं. तेवढीच एक आशा होती.

कोबुसकाकांची शीळ थांबली होती. "समोरून, पोरी," ते हळूच म्हणाले.

तिने फोन लावला. नुसता वाजत राहिला. यूरियान चक्कीत शिरताना फोन कोटात ठेवून कोट खुंटीला अडकवतो, हे तिला माहीत होतं. पण आज ते आठवूनही उपयोग झाला नाही. 'रात्री वारा फार झाला तर वर चढून पात्याचं शीड सोडवावं लागेल,' काल जाता जाता तोच म्हणाला होता. पात्यावर चढून. अंधारात. आणि ती हसून म्हणाली होती, 'पडू नकोस म्हणजे झालं.'

"काका, जोरात चालवा!"

"बांधाचा रस्ता आहे गं, बस नदीत घालू का?" असं म्हणत त्यांनी वेग वाढवलाच.

तेवढ्यात आणखी एक गोष्ट घडली. तांबड्या कोंबडीशेजारची काळी चक्की गरगर फिरत होती, ती मंदावली आणि थांबली. टोकाच्या हातभर पुढे. मग तिच्या पलीकडची लाकूड कापणारी चक्की. मग चौथी. नदीकाठी रीतच होती तशी. शेजारी शोकात असला, की आपली पाती फिरवायची नाहीत. एकामागून एक सगळा काठ गप्प झाला. स्पेनच्या बाईंनी मिर्तेचा हात धरला.

हाइनआजोबा असतील, असं मिर्ते मनाला सांगत होती... आणि त्या विचाराची लाज वाटून रडू येत होतं. ते सोळा वेळा घोटलेलं वाक्य कुठे गेलं, तिला कळलंही नाही.

*

बस थांबायच्या आतच तिने उडी मारली.

चक्कीच्या अंगणात दहा-बारा माणसं जमली होती. चीजच्या दुकानातल्या ग्रीतमावशी एप्रनने डोळे पुसत होत्या. त्यांच्या हातात अख्खा केक होता. ज्या मावशी कॉफीबरोबर प्रत्येकाला एकच बिस्किट देऊन डब्याचं झाकण लावतात, त्यांनी अख्खा केक आणला, म्हणजे प्रकरण गंभीरच असणार.

"मावशी... कोण?"

"कोण म्हणजे? आपले हाइन गं!" मावशींनी हुंदका दिला. "किती भला माणूस! मी आयुष्यभर त्यांना तेलाच्या भावावरून बोलत राहिले..."

"आणि यूरियान? यूरियान कुठाय?"

"दिसला नाही बाई सकाळपासून."

नेमक्या त्याच क्षणी हिरव्या घराचं दार उघडलं, आणि पायात लाकडी बूट, हातात कॉफीचा पेला अशा थाटात हाइनआजोबा बाहेर आले. ग्रीतमावशींनी किंकाळी फोडली. कुणीतरी मटकन खाली बसलं.

"काय गं ग्रीत, केक कुणासाठी?" आजोबांनी विचारलं. "कुणी गेलंबिलं की काय?"

हाइनआजोबा जिवंत आहेत. मग... मग पातं कुणासाठी? सगळ्यांच्या मनात एकाच वेळी तेच नाव आलं असावं, कारण एकाने हळूच टोपी काढली.

"आजोबा," मिर्ते कशीबशी म्हणाली, "यूरियान..."

"इथेच आहे की!" आवाज मागून आला. "लवकर आलीस आज?"

चक्कीच्या बाजूच्या दारात यूरियान उभा होता. ओले केस, इस्त्रीचा पांढरा सदरा, आणि चेहऱ्यावर एवढं मोठं हसू. अंगणातली माणसं बघून ते हसू जागीच गोठलं.

मिर्तेने काखेतली वाटाड्याची पिवळी छत्री काढली, आणि त्याच्या दंडावर एक फटका दिला. मग दुसरा. तिसऱ्याला छत्री उघडली.

"तू... तू जिवंत आहेस!"

"हो... म्हणजे, नसायला काय झालं?"

"वर बघ, गाढवा!" हाइनआजोबा ओरडले. त्यांचं लक्ष आत्ता कुठे पात्यांकडे गेलं होतं.

यूरियानने वर बघितलं. मग नदीकाठच्या बाकीच्या चक्क्यांकडे बघितलं. सगळी पाती तशीच, टोक ओलांडून कललेली. त्याचा चेहरा सदऱ्यापेक्षा पांढरा पडला.

"मी... मी अलीकडे थांबवलं होतं. अगदी हातभर अलीकडे. ब्रेक सरकला..."

"ब्रेक सरकतोच! दोर सोडला की दहा मोजेपर्यंत पात्यावरून नजर काढायची नाही, हे तुला पहिल्या दिवशी शिकवलं. तू कुठे बघत होतास?"

यूरियानने मान खाली घातली. "रस्त्याकडे. बस येतेय का ते."

ग्रीतमावशी म्हणाल्या, "म्हणजे आम्ही सगळ्या चक्क्या थांबवल्या, मी दुकान बंद केलं, ते या पोराच्या नजरेपायी?"

मिर्तेचं लक्ष मात्र दुसऱ्याच शब्दाकडे गेलं होतं. "अलीकडे? आनंदाचं? ते कशासाठी?"

"तू आज सांगणार होतीस ना..." तो पुटपुटला. "वळणावरून दिसावं म्हणून. मी धरूनच चाललो होतो, की तू हो म्हणशील."

"मी नाही म्हणणार होते."

यूरियानचे हात, ते दोर ओढून राठ झालेले हात, सदऱ्याचं टोक चुरगाळू लागले.

"मग... म्हण," तो म्हणाला. "ऐकतो मी."

"मूर्खा, ते वाक्य राहिलंच नाही माझ्याकडे!" मिर्तेचे डोळे भरून आले. "त्या वळणापासून इथपर्यंत सात मिनिटं लागली. सात मिनिटं मला वाटत होतं, की तू नाहीस. आणि मला सुचेना, की आता मी परत कुठे जायचं. बोटीवरच्या माणसाला असं कधी होत नाही रे. एक धक्का सुटला तर पुढचा येतो. मला पुढचा दिसेचना... माझं इथे घर झालंय, यूरियान. कधी झालं? मला विचारलंही नाहीस!"

"विचारलं होतं की. मागच्या शनिवारी."

"मग हो."

"हो म्हणजे..."

"हो म्हणजे हो! राहते मी. आता अजून एकदा विचारलंस तर छत्री आहे हातात."

त्याने तिला जवळ घेतलं. बावीस पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या. भाषा कळली नव्हती, पण बाकी सगळं कळलं होतं. कोबुसकाकांनी बसचा भोंगा वाजवला, एकदा आनंदाने आणि एकदा घड्याळ बघून.

"निघायला हवं," मिर्ते म्हणाली, पण त्याचा सदरा काही सोडवेना. "आज डोळ्यांआड जाऊ नकोस. चल माझ्याबरोबर."

"आज? शनिवारी? चक्की सोडून?"

इतकी वर्षं वारा असताना तो चक्कीपासून शंभर पावलं लांब गेला नव्हता. त्याने हाइनआजोबांकडे बघितलं.

"जा रे," आजोबा ग्रीतमावशींच्या हातातला केक काढून घेत म्हणाले. "सगळ्या गावाने मला पोचवलं असलं, तरी मी अजून मेलेलो नाही. चक्की मी चालवतो."

यूरियान बसमध्ये चढला. स्पेनच्या बाईंनी पिशवी उचलून त्याला पुढची जागा दिली.

"कोळ्यांचं गाव बघितलंयस?" मिर्तेने विचारलं.

"लहानपणी... एकदा."

"तासाभरावर आहे रे!"

"हो ना. पण तिकडे तेव्हा तू कुठे होतीस?"

बस बांधावर चढली. मिर्तेने माईक हातात घेतला, घसा साफ केला. "मंडळी, आता तुमच्या उजव्या हाताला..." ती म्हणाली, आणि थांबली. उजव्या हाताला काय असतं, ते दोन वर्षांत पहिल्यांदाच तिला आठवेना. यूरियानने माईक धरलेल्या तिच्या हाताखाली आपला तळवा धरला. आणि बावीस माणसं उजवीकडे न बघता, अजिबात घाई न करता, ती पुढे काय बोलते याची वाट बघत राहिली.