समोरचे गुणवंतराव

खोटं बोलून मला काय मिळणार? हे माझ्या मावसभावाच्या, प्रणितच्या घरी घडलंय. चंद्रपूरला, तुकूममध्ये, गेल्या मे महिन्यात. आणि रात्री नाही हो... भर दुपारी!

प्रणित लग्नाचे व्हिडिओ काढतो. फ्लॅटमध्ये एकटाच राहतो. शहरातल्या एकटेपणावर छोटी फिल्म करायचं त्याच्या डोक्यात बसलं, म्हणून त्याने गावाहून, मुलचेऱ्याहून आईला आणलं. चंदामावशी घरात बसणार, कॅमेरा चालू ठेवून हा कामाला जाणार. झाली फिल्म!

एक दिवस तो लवकर परतला, तर मावशी म्हणाली, "इथी कोणी बोलत नाई म्हनतोस. समोरचे गुणवंतराव तं रोज येऊन बसतात."

समोरच्या दाराला कुलूप होतं.

आई एकटी बघून कोणीतरी घरात घुसतंय, असा प्रणितला संशय आला. त्याने खाली चौकीदाराला, हरिदासला गाठलं.

"गुणवंतराव?" हरिदासचा चेहराच उतरला. "ते तं मागच्या उन्हाळ्यात वारले भाऊ. एकटेच रायत. वास सुटला तवा समजलं सगळ्याईले."

प्रणितने धावत वर येऊन त्या दुपारचं शूटिंग लावलं.

मावशी. पुढे रिकामी खुर्ची. कूलरची घरघर...

मावशीने खुर्चीसमोर पाण्याचा ग्लास ठेवला. मान हलवली. कोणाचं तरी ऐकत असल्यासारखी थांबली...

मग म्हणाली, "येईन ना भाऊ. उद्याच येते तुमच्या घरी."

प्रणितने शूटिंग तिथेच थांबवलं. आई हातची जाते की काय! पुढचं त्याने बघितलंच नाही. सरळ तिची पिशवी भरली.

"मले राहू दे रे इथी," मावशी रडकुंडीला आली. "तुले नाई समजत."

त्याने ऐकलं नाही. संध्याकाळच्या एसटीत तिला बसवूनच दिलं.

दुसऱ्या दुपारी, जीव जरा थाऱ्यावर आल्यावर, त्याने हेडफोन लावून उरलेलं शूटिंग बघितलं.

मावशी खुर्चीपुढे हात जोडून बसली होती.

"मी येते म्हनलं ना तुमच्या संगतीले. पन माह्या पोराले नका नेऊ..."

प्रणितने हेडफोन काढला. आई तर मुलचेऱ्याला होती.

घरात तो एकटाच...

समोरचं कुलूप खट्‌कन उघडलं.

तो अनवाणीच जिना उतरला. सामानसुद्धा नंतर हरिदासने आणून दिलं. आता तो दुसरीकडे खोली करून राहतो.

मावशी रोज दुपारी फोन करते. जेवलास का, हेही विचारत नाही.

"संग कोणी हाये ना रे?"

प्रणित हो म्हणतो...

कोण, ते विचारायची तिची अजून हिंमत झालेली नाही. आणि खरं सांगू? माझीही नाही.