टाळू कोण भरतं?

डोकं लहान म्हणून मेंदू लहान, की मेंदू लहान म्हणून डोकं लहान? हा प्रश्न केतकीला पडायला हवा होता. पण तो पडायच्या आधीच तिनं उत्तर देऊन टाकलं आणि सगळा घोळ झाला.

झालं असं, वाईच्या आरोग्यकेंद्रात सोनोग्राफीसाठी एक यंत्रमानव आला होता. सदानकदा मापं घेत बसतो म्हणून गावानं त्याचं नाव मापाडी पाडलं. केतकीची सुनेत्राकाकू तपासणीला गेली तेव्हा केतकीही सोबत होती. पडद्यावर पोटातलं बाळ अंगठा चोखत होतं.

मापाडी म्हणाला, "डोक्याचा घेर बराच कमी भरतोय. मायक्रोसेफलीची (बाळाचं डोकं वयाच्या मानानं फारच लहान असण्याची) शंका आहे. पण एका मापावर ठरवता येत नाही. तीन आठवड्यांनी पुन्हा या."

घरी येताना काकूचा चेहरा केतकीला बघवेना.

"काकू, त्यात काय एवढं? बाळ झालं की रोज टाळू भरू. भरपूर तेल घालू, चोळून चोळून डोक्याला आकार देऊ. होईल मोठं." शेजारच्या बाळाची टाळू तेलानं भरताना तिनं पाहिलं होतं, तेवढ्या भांडवलावर ती बोलली.

काकूनं ते बोलणं घट्ट धरून ठेवलं. पुन्हा तपासणीला जायची वेळ आली तर म्हणाली, "आता कशाला जायचं? टाळू भरली की झालं." काका समजावून थकले. आपण सांगितलं ते खरं तरी आहे का, हे विचारायला केतकी तडक मापाडीकडे गेली.

"टाळू भरली की डोकं मोठं होतं ना?"

"इडलीचं पीठ आंबताना पाहिलंयस?" मापाडीनं उलट विचारलं.

"हो. कधी कधी झाकण वर उचललं जातं."

"मग झाकण ओढून वर केलं तर पीठ जास्त फुगेल?"

"छे. पीठ फुगतं म्हणून झाकण उचललं जातं."

"कवटीचंही तसंच. बाळाची कवटी एकसंध नसते. हाडांच्या तुकड्यांमध्ये शिवणी (मऊ सांधे) असतात. मेंदू वाढताना आतून रेटा देतो, तुकडे सरकतात आणि कवटी वाढते. शिवणी जिथं मिळतात ती मऊ जागा म्हणजे टाळू. तेल वरून घालतात, पण टाळू भरते ती आतून."

केतकी हळूच म्हणाली, "म्हणजे डोकं लहान असेल, तर आत मेंदूच कमी वाढलाय?"

"बहुतेक वेळा. मेंदूचा अंदाज यावा म्हणून तर मी डोकं मोजतो. पण फसगतही होते. गरोदरपणाचे दिवस धरण्यात गल्लत होते, कधी घराण्यातच डोकी लहान असतात. म्हणून त्याच वयाच्या हजारो बाळांच्या मापांशी ताडायचं आणि पुन्हा मोजायचं. वाढ आपल्या चालीनं चाललीय की मागे पडतेय, ते तेव्हा कळतं. काही बाळांचं तर जन्मल्यावरच लक्षात येतं."

"कशामुळे होतं हे?"

"कधी जनुकांतल्या (पेशींमधल्या, शरीर कसं घडवायचं हे सांगणाऱ्या सूचनांतल्या) बदलामुळे, कधी गरोदरपणातल्या संसर्गामुळे. कधी कारण सापडतच नाही. मेंदू वाढवायचं औषध आजही नाही. पण आधी कळलं तर डोळे-कान वेळेवर तपासता येतात, व्यायाम आणि बोलायला शिकवणं लवकर सुरू करता येतं."

केतकी घरी आली आणि काकूसमोर बसली. "काकू, मी चुकीचं सांगितलं होतं," असं म्हणून तिनं इडलीच्या पिठासकट सगळं सांगितलं. काकू रडली, पुष्कळ रडली. मग तोंड धुऊन तिनं चपला घातल्या.

या खेपेला माप आणखी मागे पडलं होतं. "शंका खरी दिसते. पुढच्या तपासण्यांसाठी मोठ्या डॉक्टरांकडे पाठवतो," मापाडी म्हणाला. काकूनं केतकीचा हात घट्ट धरला. तिनं विचारलं, "त्याला मी कळेन का?"

"पुढे बाळ काय काय शिकेल ते मला मोजता येत नाही," मापाडी म्हणाला. "पण या सहाव्या महिन्यात बाळांना बाहेरचे आवाज ऐकू यायला लागतात. बोलून पाहा."

काकूनं नुसता पोटावर हात ठेवला. तेव्हा केतकीच वाकली, पोटाजवळ तोंड नेऊन म्हणाली, "मी केतकी, तुझी ताई. तू ये तर खरं. तुला जमेल तसं शिकू."