माळढोकाचं रीळ

"बिचाऱ्या पाखराशी कोणाचं वैर असंन हो?" उत्तमरावांनी विचारलं.

खामगावचे खासगी गुप्तहेर भगवंतराव यांनी टिपणाची वही उघडली. त्यांचा सोबती निवृत्ती मात्र पार गोंधळला.

उत्तमराव मुक्या जनावरांच्या भल्यासाठी चित्रपट काढत. मुंबईला धुवायला पाठवायचे फिल्मचे तीन डबे त्यांच्या घरी कुलपात होते. एकात रंगराव जमीनदारांनी मोटारीतून केलेली काळविटांची शिकार. दुसऱ्यात गाडीवान कारभारीच्या बैलांच्या मानेवरच्या जखमा. तिसऱ्यात अंड्यावर बसलेली माळढोकाची मादी. डब्यांवर ठळक नावं. काल उत्तमराव बाजारातून परतले, तर तिसरं रीळ अंगणात उलगडून पडलेलं. न धुतलेल्या फिल्मवर ऊन पडलं की सगळं संपलं. बाकीचे डबे जागेवर, कुलूप शाबूत.

"घरट्याची जागा कोणाला ठाऊक आहे?" भगवंतरावांनी विचारलं.

"मले अन् मनकर्णेले, माझ्या बायकोले. बाकी कोणालेच सांगतली नाही. पण चित्र काय आलं असतं! मागं टेकडीवरची पडकी दगडी छत्री एकदम साफ."

भगवंतराव गेले तेव्हा रंगराव आपल्या ओसरीवर बंदूक पुसत होते.

"मी काऊन नासवीन? उलट त्याच्या घरी चहा पिताना मीच म्हटलं, पहिला खेळ माह्याकडे लाव. वहिनींसमोर म्हटलं. माळढोक काही सापडून नाही राह्यला मले. चित्रात तरी पाहू, कुठं बसते तो."

कारभारी बैलांना पाणी पाजत होता.

"मले वाचता येत नाही, साहेब. घुसलो असतो तं तिन्ही डबे विहिरीत टाकले असते!"

"म्हणजे दोघंही नाहीत," निवृत्तीनं डोकं खाजवलं. "मग भूत म्हणावं का?"

भगवंतराव सरळ उत्तमरावांच्या घरी गेले. मनकर्णाबाईंनाही त्यांनी बसायला सांगितलं.

"कुलूप फुटलं नाही, म्हणजे घरची किल्ली वापरली. कारभारीला नावं वाचता येत नाहीत, त्यानं तिन्ही डबे नासवले असते. रंगरावांनी शिकारीचा डबा सोडला नसता, आणि माळढोकाचं रीळ तर त्यांना पाहायचंच होतं. पडद्यावर ती छत्री दिसली असती, की ते बंदूक घेऊन थेट घरट्यावर पोचले असते. हे काम पाखराच्या वैऱ्याचं नाही, उत्तमराव. चहा देताना ज्यानं रंगरावांचं बोलणं ऐकलं, त्याचं आहे."

निवृत्तीनं आधी दाराकडे पाहिलं, मग मनकर्णाबाईंकडे.

"हाव," त्या म्हणाल्या. "म्याच केलं."

"अवं, मग मले सांगाचं ना!"

"दोनदा सांगतलं. तुमी म्हणे, छत्रीनं चित्राले शोभा येते."

उत्तमराव मान खाली घालून बसले. एवढी मेहनत मातीत गेलेली. समजूत नवऱ्याची घालावी की बायकोची, हेच निवृत्तीला कळेना.

"पुन्हा घेतो," शेवटी उत्तमराव म्हणाले. "मागं नुसतं आभाळ ठेवीन."

"अंडं फुटून पिल्लू निघू द्या आधी. तवरक तिकडं पाऊल टाकाचं नाही."

"हाव," उत्तमराव म्हणाले.