लाल तबकडी आणि न थांबणारी गाडी

"थांबवा! अहो, थांबवा ना!" फलाटावरून धावत ताई ओरडली. वकीलने दोन्ही हात हलवले. पण गाडी धडधडत आली तशी धडधडत निघून गेली!

"टाटा!" शेपूटने मात्र हौसेने हात हलवून तिला निरोप दिला.

"अगं वेडे, आपल्याला बसायचं होतं तिच्यात!" वकील वैतागला.

ताई, वकील आणि शेपूट ही तीन भावंडं सुट्टीला मामाकडे आली होती. वकील ऊठसूट वाद घालायचा, म्हणून वकील. आणि पाच वर्षांची शेपूट सतत सगळ्यांच्या मागेमागे, म्हणून शेपूट. मामाची मुलगी घंटी. तिने हाक मारली की पार टेकडीपलीकडे ऐकू जायची.

आज मात्र घंटीचा आवाज बारीक झाला होता. "सुट्टी लागल्यापासून असंच चाललंय. शहराकडे जाताना एकदासुद्धा थांबली नाही."

स्थानक म्हणजे तरी काय? एक फलाट, एक खोली, एक बाक आणि एक दगडी टाकी. पूर्वी कोळशाची इंजिनं इथे पाणी प्यायला थांबायची. मग डिझेलची इंजिनं आली आणि त्यांना तहानच लागेना! आजोबा तेव्हा इथले स्टेशनमास्तर होते. त्यांनी मागे लागून लागून एका खांबावर एक बाजू लाल असलेली, फिरवता येणारी तबकडी बसवून घेतली. शहरात जायचं असलं की तिची लाल बाजू वळणाकडे करायची. ड्रायव्हर वळणावरूनच लाल रंग पाहतो आणि वेग कमी करतो. वळण सरलं की मग ब्रेक लावूनही उपयोग नाही. शहराकडून येताना उतरायचं असेल, तर आधी गार्डला सांगून ठेवायचं.

सकाळी गाडी शहराकडून यायची, शेवटच्या गावाला टेकून पुन्हा शहराकडे जायची. संध्याकाळी पुन्हा तशीच एक फेरी. याच गाडीने घंटी शाळेत जायची.

आणि आता फलाटाच्या टोकाला, दोन लोखंडी खांबांवर भलीमोठी पाटी उभी होती. 'पुरेसे प्रवासी नसल्याने हे स्थानक बंद करण्याचा विचार आहे.'

"बंद झालं की मला शहरात वसतिगृहात ठेवणार," घंटी म्हणाली. "बाबांनी जागासुद्धा बघून ठेवलीय."

वकीलने पाटी पुन्हा पहिल्यापासून वाचून काढली.

मामाचं स्थानकाजवळच सायकल दुरुस्तीचं दुकान होतं. तो चाकातून डोकं वर न काढताच म्हणाला, "वरूनच सांगितलं असेल, थांबू नका म्हणून. आपण काय करणार?" आजोबा मात्र फलाटावरच होते. फडकं घेऊन ते तबकडी पुसत राहिले.

दुसऱ्या दिवशी वकील म्हणाला, "तो ड्रायव्हर झोपत असणार! चला, वळणावर जाऊन बघू."

शेपूटचे पाय दुखत होते. "तू आजोबांबरोबर थांब. आज तबकडी तू फिरवायची!" ताईने असं म्हणताच शेपूट दोन इंच उंच झाली.

वळणाजवळ, कुंपणाबाहेर एक टेकाड होतं. बरोबर ड्रायव्हरच्या खिडकीच्या उंचीचं. ताई, वकील आणि घंटी त्यावर उभी राहिली. गाडी समोरून गेली. ड्रायव्हर टक्क जागा होता! उलट मान पुढे काढून स्थानकाकडेच बघत होता. आणि तरीही गाडी थांबली नाही!

"तो काय बघत होता?" ताईने डोळ्यांवर हात धरला. "बाक दिसतंय. टाकी दिसतेय. शेपूटचा पिवळा फ्रॉक दिसतोय. पण तबकडी?"

"फिरवलीच नसेल तिने!" वकील म्हणाला.

तिघं धापा टाकत परतली. तबकडी लालभडक, वळणाकडे तोंड करून उभी!

"मी फिरवली! आजोबांना विचारा!" शेपूटचे गाल फुगले.

ताईने तबकडीशी उभं राहून वळणाकडे पाहिलं. टेकाड दिसेना. मध्ये होती ती पाटी.

"या पाटीनेच तबकडी झाकली!" घंटी म्हणाली. "कधी लावली? सुट्टी लागली तेव्हाच!"

सगळं ऐकून मामा हसला. "पोरखेळ!" म्हणाला.

पण त्यानंतरच्या सकाळी गाडीतून प्रवासी मोजायला एक साहेब उतरले. घंटीने त्यांना सगळं सांगितलं.

"पाटी नियमाप्रमाणे दर्शनी जागी लावलीय," साहेब म्हणाले. "शहराकडे जाताना इथे गाडी थांबतच नाही. म्हणजे प्रवासी नाहीत. सरळ हिशोब!"

वकील तोंड उघडणार, तेवढ्यात ताईने त्याला चिमटा काढला. "साहेब, परतीच्या गाडीला तबकडी तुम्हीच फिरवाल का?" तिने गोड आवाजात विचारलं.

"त्यात काय!"

साहेबांनी तबकडी फिरवली, बॅग उचलली आणि ऐटीत उभे राहिले. वळणावर गाडी दिसली. जवळ आली... आणि धाडधाड पुढे गेली!

"अरे! ए! थांबवा!" साहेब हात हलवत धावले. टोपी एकीकडे, बॅग एकीकडे!

धूळ बसली. शेपूटने टोपी उचलून त्यांच्या हातात दिली आणि अगदी मनापासून विचारलं, "साहेब, गाडी थांबली नाही. म्हणजे तुम्ही पण नाही का?"

कुणी हसलं नाही. साहेबांनी टोपी हातातच धरून ठेवली. मग म्हणाले, "चल बाळ, ते टेकाड दाखव मला."

टेकाडावरून ते बराच वेळ स्थानकाकडे बघत होते. परत आल्यावर त्यांनी एकच विचारलं, "कुणाकडे पाना आहे का?"

मामाने पाना आणला. मुलांच्या नजरा चुकवतच आणला. बोल्ट निघाले आणि पाटी खाली आली.

संध्याकाळी घंटीने तबकडी फिरवली. वळणावर भोंगा वाजला, आणि गाडीचा वेग कमी झाला. आणखी कमी. चाकं करकरत फलाटाला लागली!

ड्रायव्हरने खिडकीतून डोकं काढलं. "आहात होय सगळे? रोज वळणावर डोळे ताणून बघायचो. वाटलं, कुणाला गरजच उरली नाही."

"अहो, आम्ही हात हलवत होतो ना!" वकील म्हणाला.

"मुलं काय, सगळीकडेच हलवतात! आज तर एक साहेबही हलवत होते. म्हटलं, केवढा प्रेमळ माणूस!"

आता मात्र सगळे हसले. साहेबसुद्धा.

"आणि आम्हाला वाटलं, तुम्हीच आम्हाला विसरलात," आजोबा हळूच म्हणाले.

गाडीत चढताना साहेब वळले. "मोजणी पुन्हा होईल. शाळा सुरू झाल्यावर. तोवर स्थानक चालू! आणि मास्तर, तुमची नातवंडं माझ्यापेक्षा नीट बघतात."

"ती जागेवर जाऊन बघतात," आजोबा म्हणाले. मामाने घंटीच्या डोक्यावर हात ठेवला. "चुकलो गं. ऐकायला हवं होतं मी." मग म्हणाला, "वसतिगृहाला नाही म्हणून कळवतो."

"हो!" घंटी ओरडली. टेकडीपलीकडे नक्कीच ऐकू गेलं असणार!

काढलेली पाटी वाया गेली नाही. आजोबांनी ती पालथी घातली, खाली चार पाय ठोकले आणि फलाटावर दुसरं बाक झालं. गाडीची वाट बघणारे आता त्यावर बसतात. शेपूट सगळ्यांत आधी.