कारखान्यावर आलेली बॉडी

उत्तरेश्वरचा धंदाच असा, की सोयरिकीच्या बैठकीत सांगायची पंचाईत. सिनेमासाठी तो खोट्या जखमा, तुटलेले हात, मढी बनवायचा. मित्रांच्या छोट्या सिनेमांत कामही करायचा, तेही बहुतेक मेलेल्याचंच. मूळचा कडा गावचा, पण राहायला पुण्यात.

त्या दुष्काळी वर्षी धारूरच्या घाटाखाली, बंद पडलेल्या एका सहकारी साखर कारखान्यात असंच शूटिंग होतं. उत्तरेश्वर ऊसतोड्या झाला होता. ऊसतोड्या मेल्यावर त्याच्या जागी रबराचा पुतळा ठेवायचा होता. स्वतःच्याच अंगाचा साचा काढून त्याने तो खपून बनवला होता. दुपारी टेम्पो आला, तसा दिग्दर्शक शहादेव फाटकातूनच ओरडला, "बॉडी आली रे, सावलीत घ्या."

पुण्याच्या पोरांना बॉडी म्हणजे पुतळा. गावात बॉडी म्हणजे एकच. युनिटचा स्वयंपाक करणारी सावित्रीबाई थापलेली भाकरी तशीच टाकून आली. तिचा नवरा आश्रुबा ऊसतोडीला गेला, तो परतलाच नव्हता. मेला म्हणावं तर माती नाही, जिता म्हणावं तर निरोप नाही. कुंकू लावावं की पुसावं, हे इतक्या वर्षांत तिला कुणी सांगितलं नव्हतं.

पुतळा वाकळीखाली निजवला होता. तिने पायाकडून वाकळ उचलली आणि खालीच बसली.

"कुठं सापडले?"

"मावशी, रबर हाय ते," उत्तरेश्वर हळूच म्हणाला. "माझंच तोंड हाय, बघा की."

तिने त्याच्याकडे पाहिलं, मग पुतळ्याकडे. "तोंड आसंल तुमचं... टाचा त्यांच्या हायेत."

तो वाकला. टाचा त्याने गुळगुळीत केल्या होत्या. आता त्यांना भेगा होत्या आणि भेगांत काळी माती, ओली. गावाला टँकरची वाट बघावी लागत होती आणि ही माती बोटाला गार लागली. कुठून तरी उकळत्या रसाचा गोड वास आला. त्याला भीती वाटली, पण झोप यावी तशी, अंग जड करणारी.

"मला द्या," ती म्हणाली. "माती करते. किती वरीस नुसतं वाटंकडं बघायचं..."

शहादेवने खूप आदळआपट केली. उत्तरेश्वरने तरी पुतळा तिला देऊन टाकला. एकट्याने काखेत मारून आणलेला पुतळा उचलायला आता चौघे लागले.

दिवस मावळताना कोरड्या ओढ्यात सरण रचलं. मूलबाळ नव्हतं, म्हणून अग्नी तिनेच दिला. रबर जळताना काळा धूर होतो, हे उत्तरेश्वरला ठाऊक होतं. धूर पांढरा निघाला. मग सगळे खाली बसले.

"कवटी फुटंपरेंत कुणी उठायचं न्हाई," गावातले म्हातारे धुळाजी म्हणाले.

त्या डोक्यात उत्तरेश्वरने स्वतःच्या हाताने स्पंज भरला होता. स्पंज कसा फुटणार? ही बाई अशीच बसून राहील आणि उठेल तेव्हा पुन्हा अधांतरीच. सांगून टाकावं म्हणून त्याने तोंड उघडलं...

फट्.

लोक उठले आणि मागे न बघता चालू लागले. सावित्रीबाईने ओढ्यातल्या दगडावर बांगड्या फोडल्या, कपाळ पुसलं आणि ती पोटभर रडली.

उत्तरेश्वर एकटाच मागे राहिला, दोन्ही हातांनी स्वतःचं डोकं चाचपत.