जळायला निघालेली पावलं

"माझी पावलं परत मिळवून द्या," दारातली बाई म्हणाली.

दादाने चहाचा कप खाली ठेवून तिच्या पायांकडे पाहिलं. दोन्ही पावलं जागच्या जागी होती.

दादाची धाकटी बहीण खाजगी तपासनीस. सगळे तिला टाचणी म्हणत. तिने एकदा नुसत्या शिंकेवरून चोर ओळखला होता म्हणे, आणि शिंकणारा पार नदीपलीकडे होता. दादा मनाने सोनं. डोकं मात्र बैलगाडीने यायचं.

"बसा. सावकाश सांगा," टाचणी म्हणाली.

बाईचा नवरा बुटांच्या कारखान्यासाठी लाकडी साचे कोरायचा, बूट ज्यांवर चढवून शिवतात ती लाकडी पावलं. चाळीस वर्षं हातात कानस. लग्न ठरलं तेव्हा त्याने हिच्या पावलांचे साचे कोरले. ते कारखान्याच्या गोदामातच राहिले. पुढे कंपनीने दोन वर्षांची मजुरी थकवली, तेव्हा त्याने कोर्टात अर्ज टाकला: देणी फेडता येत नसतील तर कंपनी मोडीत काढा.

"म्हणायचे, पैसे राहू देत, तुझी पावलं तेवढी घरी आणतो. वाट बघता बघता गेले." बाईने पदर सारखा केला. "आता मोठ्या कंपनीने ही कंपनी आपल्यात विलीन करून घेतलीय. तिथे प्लास्टिकचे साचे चालतात. शुक्रवारी लाकडाचे सगळे जाळणार. आणि म्हणतात, माझ्या माणसाने अंगठा देऊन अर्ज सोडला होता."

"अंगठा का? सही?"

"यायची नाही. आणि बँकेचं अंगठ्याचं मशीन त्यांना ओळखायचंच नाही, म्हणून खातंही माझ्याच नावावर."

"मशीनलाही माणसाची पारख नाही," दादा हळहळला.

कारखान्यात मॅनेजर खुशीत होता. "अहो, ती कंपनीच उरली नाही, मग मोडीत काय काढणार? मेलेल्याला कोणी फाशी देतं का?"

त्याने पत्र पुढे केलं. 'विलीनीकरणाला हरकत नाही, अर्ज सोडला.' खाली निळा ठसा, रेघा मोजून घ्याव्यात इतका स्वच्छ. मधून एक आडवी पांढरी रेघ.

"घडीवर उठलाय," दादा म्हणाला. कागदाला घडी एकच होती, वरून खाली.

"पत्र आणलं कोणी?"

"हिशेबनिसाला विचारा."

हिशेबनीस अंगठ्याला रबरी टोपी लावून कागद उलटत होता. "सकाळी टेबलावर सापडलं. मी फाइलला लावलं. मला काय, उद्या कोणी हत्ती ठेवला तर तोही लावीन."

"खोलीची किल्ली?"

"साहेबांकडे, माझ्याकडे आणि गोदामवाल्याकडे."

गोदामात भिंतभर लाकडी पावलं. म्हातारा गोदामवाला एकेक साचा फडक्याने पुसत होता. त्याचा डावा अंगठा मधोमध आडवा चिरून सांधलेला, जुन्या बुटासारखा.

"कंपनी मोडीत निघाली असती, तर लिलावात सरपणाच्या भावाने गेले असते हे," तो म्हणाला. "ती गेली मोठीच्या पोटात, तेव्हा वाटलं वाचले. कालच जाळायचा हुकूम आला."

गुरुवारी टाचणीने सगळ्यांना मॅनेजरच्या खोलीत बसवलं.

"चाळीस वर्षं कानस धरली, तर बोटाच्या रेघा उरतात? बँकेचं मशीन उगाच नाही नाकारायचं. हा स्वच्छ ठसा कोरणाऱ्याचा नाही."

"मग ती पांढरी रेघ?" दादाने विचारलं.

"घडी उभी, रेघ आडवी. घडीची कशी असेल? तो जुना व्रण आहे, दादा. हिशेबनिसाच्या टोपीखाली काय आहे ते बघू."

हिशेबनिसाने टोपी काढली. अंगठा गुळगुळीत, गोरा. मॅनेजरने न सांगता स्वतःचे दोन्ही अंगठे वर केले. गोदामवाल्याने हात खिशातून काढलाच नाही.

"मीच," तो म्हणाला. "तो गेल्यावर, मागची तारीख घालून. अर्ज मेला तर साचे जगतील, असं वाटलं."

"इथेच चुकलात," टाचणी म्हणाली. "मोठा मासा छोट्याला गिळतो तेव्हा त्याच्या तोंडातला गळही गिळतो. विलीनीकरणाच्या हुकुमात स्पष्ट आहे: जुनीची सगळी देणी आणि चालू दावे नव्या कंपनीवर. म्हणजे, मॅनेजरसाहेब, हे पत्र खोटं ठरलं की मोडीत काढायचा अर्ज आता तुमच्या मोठ्या मालकांविरुद्ध चालेल."

मॅनेजरने कपाळ पुसलं आणि फोन उचलला. फोनवर तो फक्त "हो सर" म्हणत होता. नंतर म्हणाला, "मजुरी देतील. साचे आजच न्या. फक्त अर्ज मागे घ्या."

बाई गोदामवाल्याकडे, नवऱ्याच्या जुन्या दोस्ताकडे, वळली. "भाऊजी, मला विचारायचं तरी!"

"विचारलं असतं तर तुम्ही नेले असतेत, वहिनी. तो गेल्यापासून मी बोलू कोणाशी? त्याचा हात फिरलेलं एवढंच तर उरलंय."

गोदामात जाऊन बाईने तळाच्या फळीवरचे दोन साचे काढले. जमिनीवर आपल्या पावलांशेजारी ठेवले. तिची पावलं आता रुंद झाली होती, बोटं वाकली होती.

"किती लहान होते मी," ती म्हणाली.

मग दारात थांबलेल्या गोदामवाल्याकडे बघून ती तिथेच जमिनीवर बसली. साच्यांना चिकटून नाही. मध्ये एका माणसापुरती जागा सोडून.